ओल्या पंच्याची रोटी

"आई, एका पायावर काय करून राहिल्या तुम्ही? खाली टेकवा ना तो पाय!"

सुनेची, कामिनीची, काय चूक? सासूबाई अंगणात बगळ्यासारख्या उभ्या आणि समोरच्या उपड्या बादलीवर ओला पंचा टाकताहेत!

"काहून ओरडून राहिली वं? हिमानी मॅडमनं सांगतलं, आपलं रोजचं काम करता करता तोल सांभाळा. माह्यं काम रोटी टाकायचं. पंचा नाही टाकू त काय टाकू?"

प्रताप नगरात लग्न असो की बारसं, लांब रोटी ताराबाईंचीच. सैल कणीक दोन्ही हातांवर झुलवत कोपरापर्यंत ताणायची आणि चुलीवरच्या उपड्या, तापल्या मटक्यावर अलगद सोडायची. पण कानाच्या दुखण्यानं घेरी येऊन त्या चुलीजवळच पडल्या, आणि कामिनीनं मटका माळ्यावर चढवला. दुधानं तोंड पोळलेली ती, ताकही फुंकूनच पिणार! मग रामदासपेठेत फिजिओथेरपिस्ट हिमानीकडे तोल सावरायचे व्यायाम सुरू झाले. डोळे मिटून उभं राहायचं, टाचेला चवडा लावत चालायचं. "तोल जायच्या आधी तळपाय सांगतो, काकू. त्याचं ऐकायचं," हिमानी म्हणायची.

आज नातीचा, गार्गीचा वाढदिवस. हट्ट करकरून ताराबाईंनी मटका उतरवला होता.

"पण एकदा जरी डुलल्या, त मटका शेजारी देऊन टाकीन," कामिनीनं बजावलं.

पहिली रोटी सुटली ती थेट मटक्यावर, एक सुरकुती नाही!

"जमलं! जमलं वं!" ताराबाई लहान पोरीसारख्या ओरडल्या. गार्गीनं टाळ्या पिटल्या.

दुसरी रोटी कोपरापर्यंत आली आणि डाव्या पायाची बोटं आपसूक जमीन धरू लागली. पूर्वी त्यांनी तशीच रेटली असती. आज त्या थांबल्या.

"कामिनी, हात पुढं कर. लवकर!"

"मले नाही येत, आई!"

"घे म्हणतो ना!"

रोटी सासूच्या हातांवरून सुनेच्या हातांवर उतरली. कामिनीनं डोळे मिटून ती सोडली. मधोमध फाटली, पण पडली मटक्यावरच.

भिंतीला टेकून ताराबाई हसत सुटल्या. "डुलली मी. दे आता मटका शेजारी."

"अन् मी रोट्या कायवर टाकू?" कामिनीनं पुढचा गोळा उचलला.

तिचे हात कणीक ताणू लागले. तिच्यामागे ताराबाईंचे रिकामे हातही, कोपरापर्यंत, हळूहळू पसरत गेले.