क्रांतीचा घोळणा

उन्हाळ्यात नाकाचा घोळणा फुटला नाही असं घर आपल्याकडं शोधून सापडायचं नाही. अन् कुणाचा फुटला की आपण काय करतो? मान मागं टाकतो, टाळूवर गार पाणी थापतो, नाकाला कांदा लावतो. गडमुडशिंगीच्या बनाबाईंनी तर त्याच्याही पुढं मजल मारली. त्यांनी सुनेला खोलीत घालून बाहेरून कडीच लावली!

सून म्हणजे क्रांती. लग्नाला वर्षही झालं नव्हतं. ऊन वाढलं की तिचं नाक फुटायचंच. माहेरी त्याचं कुणाला काही वाटत नसे. इथं मात्र बनाबाईंची समजूत होती, सुनेचं रक्त भुईवर सांडलं तर घराला दोष लागतो. म्हणून रक्त आलं रे आलं की त्या तिला उताणी पाडून हनुवटी धरून ठेवत. सगळं रक्त घशातून पोटात जाई. काल तिला काळी उलटी झाली आणि बनाबाईंनी गल्ली डोक्यावर घेतली, "करणी हाय ही! पोरगी रक्त ओकालीया!"

नवरा कृष्णात वारणानगरला कामाला. आईपुढं भिजलं मांजर! क्रांतीनं कालच फोनवर कळवळून सगळं सांगितलं, तर "आई म्हणती तर ऐक की," एवढंच तो म्हणाला. नंतर तो फोनही बनाबाईंनी काढून घेतला आणि तिला खोलीत कोंडलं.

आज अमावस्या. नेसरीकडचा एक भगत मिरच्यांची धुरी द्यायला येणार होता. बंद खोली आणि मिरच्यांचा धूर! नुसत्या विचारानंच क्रांतीचा जीव घाबरा झाला. खिडकीला गज, दाराला कडी. "आत्या, दार उघडा की वं," तिनं सासूला किती विनवलं. बाहेरून एकच उत्तर येई, "तुझ्याच भल्यासाठी हाय गं." आता सांगा, चोराला निदान शिव्या तरी देता येतात. भलं करणाऱ्याला काय म्हणायचं?

दुपारी पुन्हा घोळणा फुटला. बनाबाई पाण्याचा तांब्या घेऊन आत आल्या आणि त्यांनी तिची मान मागं दाबली. रक्त घशात उतरलं, क्रांतीला ठसका लागला. मग मात्र तिनं सासूचा हात झटकला आणि खिडकीतून बोंब ठोकली, "नसरीनताई! धावा!"

नसरीन म्हणजे शेजारच्या कामिलची बायको. कोल्हापुरात डॉक्टरकीच्या मुलांना शरीररचना शिकवायची. रविवार असल्यानं घरीच होती; तशीच अनवाणी धावत आली.

"काकी, मान सोडा तिची!"

"आगं, रक्त भुईवर सांडंल..."

"सांडू दे! भुई पुसता येती. पोरगी गुदमरली तर काय कराल?"

तिनं क्रांतीला बसवून पुढं वाकवलं, नाकाचा मऊ भाग चिमटीत घट्ट धरला. "तोंडानं श्वास घे. घशात आलं तर थुंकून टाक."

"आन् मग ती काळी उलटी?" बनाबाई अजून हट्टाला पेटलेल्याच.

"पोटात गेलेलं रक्तच ते. तुम्हीच पाजलंत तिला, काकी."

बनाबाईंचं तोंड एवढंसं झालं.

"नाकाच्या मधल्या पडद्यावर, अगदी पुढं, चार-पाच धमन्यांच्या केसासारख्या फांद्या एकत्र येतात," नसरीन सांगू लागली. "काही डोळ्यांकडून, काही मागून, एक तोंडातल्या टाळूतून, एक वरच्या ओठातून. उन्हानं आतली कातडी सुकली की त्यातली एखादी फुटती. करणी कसली!"

"न दिसणाऱ्या शिरा मी कशा मानू?"

"क्रांती, दात आवळ." गालाचा स्नायू फुगला. त्याच्या पुढं, जबड्याच्या कडेवर, नसरीननं बनाबाईंचं बोट ठेवलं. "हलकं दाबा. लागलं काही?"

बनाबाई दचकल्या. बोटाखाली काहीतरी उडत होतं!

"ही धमनी गळ्यातून येती, जबडा ओलांडून तोंडाच्या कोपऱ्यापाशी जाती, तिथनं नाकाच्या कडेनं डोळ्यापर्यंत. हिचीच फांदी ओठातून नाकात."

"लई जोरात उडालीया गं!"

"भ्यालीया ती."

"करणीला?"

नाक चिमटीत असलेली क्रांती गेंगाण्या आवाजात बोलली, "न्हाय आत्या. तुम्हाला."

बनाबाईंचं बोट तिथंच थांबलं. ज्या पोरीला वाचवायचं म्हणून एवढा खटाटोप केला, ती आपल्यालाच भीत होती! त्यांचे डोळे भरून आले. "चुकलं गं माझं," म्हणत त्यांनी सुनेचं तोंड पदरानं पुसलं. दहा मिनिटांनी नसरीननं चिमटी सोडली. रक्त थांबलं होतं.

तेवढ्यात भगत दारात हजर! बनाबाई आडव्या उभ्या राहिल्या. "पावणं, च्या घ्या आणि माघारी जावा. सून माझी उद्या नाकाच्या डॉक्टरकडं जाणार हाय." त्यांनी फोन क्रांतीच्या हातात दिला. "नवऱ्याला सांग रजा टाकायला. अन् काल तू कळवळून सांगत हुतीस, तवा का ऐकलं न्हाईस म्हणून त्याला इचार. मी बी ऐकाय बसते."

बंधू-भगिनींनो, घोळणा फुटला तर मान पुढं, नाक चिमटीत, दहा-पंधरा मिनिटं. तरी थांबलं नाही तर तडक दवाखाना. हे लक्षात राहीलच. त्याहून अवघड ते दुसरं: आजारी माणसाला कोंडणं म्हणजे माया नव्हे, मग कडी लावणारा हात आईचा का असेना. आधी त्याच्या जवळ बसा, आणि तो काय सांगतोय ते ऐका.