हौदातली शहाणी फळी

लाकूडबाजारातले व्यापारी तपासनीसबाईंना पाण्यात पाहायचे आणि बाई त्यांचं लाकूड पाण्यात पाहायच्या. त्याला इलाज नव्हता, कायदाच तसा होता.

गावापलीकडे मंतरलेलं रान होतं. तिथल्या लाकडाच्या पाळण्यात मूल रडत नाही, पलंगावर जन्माची जागी माणसंही गाढ झोपतात. मग काय, ज्याला त्याला पाळणा हवा, पलंग हवा. बघता बघता निम्मं रान लोकांच्या घरांत जाऊन बसलं. तेव्हा कुठे सरकारला जाग आली आणि कायदा झाला: तिथल्या एकाही झाडाला कुऱ्हाड लावायची नाही.

पण चिरून फळी झाली की साधं कोणतं आणि मंतरलेलं कोणतं हे कळायचं कसं? तर मंतरलेलं लाकूड आपलं घर विसरत नाही. फळी पाण्यात सोडली की तिचं बुंध्याकडचं टोक सावकाश रानाकडे वळतं. म्हणून प्रत्येक वखारीत एक हौद होता, आणि हौदात निर्दोष ठरलेल्या मालावर बाई हातोड्यानं सरकारी ठसा उमटवायच्या. ठशाशिवाय विक्री नाही.

आज बाई आल्या होत्या त्या सख्ख्या धाकट्या भावाच्या वखारीत. त्याचा आधीचा सगळा माल त्यांनीच पास केला होता. तरीही कुठंतरी पाणी मुरतंय, असं त्यांना वाटत होतं. रानात ताजे खुंट दिसत होते. परवा बाजारात एक गिऱ्हाईक भावाच्या पलंगाचं कौतुक करत होतं, "आमच्या सासूबाई आयुष्यात पहिल्यांदा घोरल्या हो." लोक हसले. बाईंना हसू आलं नाही.

शिवाय भाऊ बदलला होता. पूर्वी तपासणी म्हटलं की त्याच्या कपाळावर आठ्या पडायच्या. हल्ली तो हौदाशेजारी गादीची खुर्ची मांडून ठेवायचा.

"बस ना, ताई. चहा सांगू?"

"काम झाल्यावर."

"तुझा माझ्यावर विश्वास नाही वाटतं."

"विश्वास घरी. इथे हौद."

तो हसला, जरा जास्तच. फाटकवाला नेहमीसारखा स्टुलावर पेंगत होता. हमालांनी पहिली फळी पाण्यात सोडली. तिच्या टोकांना लाल रंग होता. टोकं तडकू नयेत म्हणून सगळेच व्यापारी रंग लावतात, त्यात काही वावगं नाही. बाई वाट पाहत राहिल्या. फळी रानाकडे वळली नाही. दुसरी नाही, तिसरीही नाही.

बाईंना लाज वाटली. पाठचा भाऊ, ज्याला कडेवर घेऊन फिरवलं, त्याच्यावर संशय! मन ओशाळलं आणि हात हातोड्याकडे गेला.

तेवढ्यात वाऱ्याची झुळूक आली. हौदातली वाळकी पानं एका कोपऱ्यात जमली, तरंगणारा भुसा पार पलीकडच्या काठाला लागला. फळी मात्र जागची हलली नाही.

साधं लाकूड पाण्यात कसंही भरकटतं. वाऱ्याबरोबर जातं, काठावर आपटतं. त्याला कुठे जायचंच नसतं. ही फळी शिस्तीत उभी राहिलेल्या मुलीसारखी स्तब्ध होती. अति तिथे माती, बाईंच्या मनात आलं. आणि मग त्यांना वडील आठवले. वडील सुतार होते. टेबलाला फळ्या जोडताना दोघा भावंडांना सांगायचे, एकीचा बुंधा इकडे ठेवा, दुसरीचा तिकडे. दोघी एकमेकींना धरून ठेवतात, मग टेबल वाकत नाही.

"पाचर दे," बाई म्हणाल्या.

"कशाला? पास झालीय ना फळी?"

"पाचर दे म्हटलं."

भावाचा चेहरा उतरला. त्यानं दिली नाही, तेव्हा बाईंनी ती स्वतःच उचलली. ओली फळी कडेवर उभी केली, रंगाखालची सांध नखानं चाचपली आणि तिथे पाचर लावून हातोडा घातला. सांध्यातला सरस कुरकुरला. एकाच्या दोन पातळ फळ्या झाल्या, आतून कोऱ्या आणि अजून रानाचा वास असलेल्या. बाईंनी दोन्ही पाण्यात सोडल्या. एक डावीकडून वळली, एक उजवीकडून. दोघींचे बुंधे रानाच्या दिशेला लागले आणि तिथेच थांबले.

म्हणजे आधीचा सगळा मालही असाच. बाबांची विद्या, भावाची चोरी आणि ठसा त्यांचा.

"ताई," भाऊ हळूच म्हणाला, "आधीच्या मालावर तुझाच ठसा आहे. मी बुडालो तर तूही बुडशील. त्यापेक्षा या मालावरही ठोकून टाक आणि घरी चल. यापुढे नाही करणार."

"आज मी ओळखलं नसतं तर थांबला असतास?"

बाईंना रडू येत होतं, पण त्याच्यासमोर रडायचं नव्हतं. त्यांनी फाटकवाल्याला हाक मारून जागं केलं.

"फाटक लावा. कचेरीतून मोठ्या साहेबांना बोलावून घ्या. ते येईपर्यंत कुणालाही बाहेर सोडायचं नाही."

फाटकवाला डोळे चोळत उठला. "आणि तुम्ही निघालात तर, बाई?"

"मलासुद्धा नाही."

त्यांनी हातोडा हौदाच्या काठावर ठेवला आणि भावानं मांडलेल्या त्या गादीच्या खुर्चीत पहिल्यांदाच बसल्या.