समतोलाचं प्रकरण

क्लिप पिवळी होती, प्लॅस्टिकची — तिने लावली होती ती नव्हे. तिची लोखंडी होती, जरा ढिली, आणि तिच्यात घातलं की वरचं पान नेहमी तिरकं व्हायचं. म्हणजे तिकडे कुणीतरी ती काढली, पानं वाचली, टेबलावर आपटून एकसारखी केली आणि ही नवी लावून परत पाठवली... कपाशेजारी ते बाड पडलं होतं आणि नवरा त्याच्याकडे न बघता खिडकीकडे बघत चहा पीत होता. एरवी चहा पिताना तो खिडकीकडे बघत नसे. चहाकडे बघत असे.

"चौथं प्रकरण," तो म्हणाला. "समतोलाचं. संपादकबाईंचा फोन होता. म्हणाल्या, आमच्याकडे तिघांनी वाचलं, तिघांनाही कळलं नाही."

"असं कसं?"

"तेच म्हणतोय. तुला कळलं होतं ना?"

तिने कप उचलला, बशी उचलली, आत जाऊन नळ सोडला. पाण्याच्या आवाजात काही विचारलं तरी ऐकू आलं नाही म्हणता येतं. कळलं होतं ना... कळलं होतं. तिथेच तर सगळं बिघडलं होतं.

तो शाळेत रसायनशास्त्र शिकवायचा, आणि लिहायचा ते मात्र शाळेबाहेरच्यांसाठी, म्हणजे ज्यांनी परीक्षेच्या धाकाने तो विषय सोडला अशा मोठ्यांसाठी आणि ज्यांना अजून धाक बसायचाय अशा मुलांसाठी. लहान लहान पुस्तकं. पाण्याचं एक, धातूंचं एक, गंजाचं एक. लिहिलेलं प्रत्येक पान आधी तिला वाचून दाखवायचं, हा नियम. दुपारी जेवणं आटोपली की तो खुर्ची स्वयंपाकघराच्या दारात ओढायचा आणि वाचायचा. ती काहीतरी निवडत, सोलत, घडी घालत असायची. तिने 'हं' म्हटलं की वाक्य राहिलं. 'हं' आलं नाही की तो थांबायचा, कानावरची पेन्सिल काढून समासात फुली मारायचा आणि दुसऱ्या दिवशी त्या जागी नवं वाक्य यायचं. "हिला कळलं की जगाला कळलं," असं तो आल्यागेल्याला सांगायचा. लोक हसायचे, तीही हसायची. त्यात मान किती आणि अपमान किती, ते तिने कधी पाखडून बघितलं नव्हतं.

आणि ऐकणं तिला यायचंच. तिचे वडील देवाच्या कथा गाऊन सांगायचे. समोर कितीही माणसं बसली तरी त्यांना एक चेहरा लागायचा, पहिल्या ओळीतला, तिचा. तिची मान हलली की त्यांचा आवाज मोकळा व्हायचा. ती पेंगली की कथा लांबायची, कारण तीच ओळ ते घोळवत बसायचे, जागं होईपर्यंत. सांगणारा किती एकटा असतो हे तिला तेव्हापासून ठाऊक होतं — गाणाऱ्याहूनही एकटा, कारण गाणाऱ्याला निदान सूर तरी सोबत असतो...

मग गंजाचं पुस्तक आलं. एका दुपारी तो वाचत होता, लोखंड, पाणी, हवा, आणि त्याचं वाक्य अर्ध्यावर असतानाच तिच्या मनात ते पुरं झालं. गंजलेला खिळा वजनाला वाढणार. हवेतलं काहीतरी त्याला येऊन चिकटलंय ना. तो श्वास घ्यायला थांबला आणि पुढे नेमकं तेच वाचलं. ती घाबरली. दुकानातून घरी आल्यावर पिशवीत दुसऱ्याचीच वस्तू निघावी, तशी. ही मी घेतली कधी? आणि आता परत कुणाला करू?

कारण ज्या दिवशी त्याला कळेल की हिला सगळं कळतं, त्या दिवशी ही खुर्ची दारातून हलेल. जगाचा कान म्हणून तिची नेमणूक होती. शहाणा कान त्याच्या काय कामाचा? उरलेला दिवसभर ते दोघं बोलायचे ते बिलाचं, डॉक्टरांचं, आमटीत मीठ कमी पडल्याचं. ही एवढी एक घटका होती जिच्यात तो तिच्याकडे असा बघायचा, जणू पुढचा शब्द तिच्या चेहऱ्यावरच लिहिलेला आहे. म्हणून तिने न कळण्याचं सोंग घेतलं. इथे साधं माणूस अडेल, असं वाटलं की 'हं' गिळायचं. फार नाही, पानाला एखाद्या वेळी. तो फुली मारायचा आणि ती मान खाली घालून निवडत राहायची. देव बघतोय, हेही वाटायचं. पण देवानेही कधी कुणाची कथा पहिल्यांदाच ऐकतोय असं दाखवून दुसऱ्यांदा ऐकली नसेल, असं थोडंच आहे?

चौथ्या प्रकरणात मात्र ती विसरली. इतकं सुंदर होतं ते, की सोंग राहूनच गेलं. ओळीओळीला 'हं' निघत गेलं. आणि आता ते पिवळ्या क्लिपेत परत आलं होतं.

"दादा, सकाळपासून तोंड का पाडलंय?" नणंद न्हाऊन बाहेर आली. नवरा गेल्यापासून ती भावाकडे थोडे दिवस म्हणून आली होती आणि थोडे दिवस संपत नव्हते. तिची थट्टाही संपत नव्हती. थांबली तर काय होईल, याची सगळ्यांनाच धास्ती होती.

"तुला रसायनशास्त्र किती येतं गं?"

"मला? त्या तासाला मी शाईचे डाग तेवढे पाडले. तेसुद्धा दुसरीच्या परकरावर."

"छान," तो म्हणाला. त्याचा चेहरा उजळला, आणि ते तिने पाहिलं. "दुपारी तुला वाचून दाखवतो."

दुपारी खुर्ची दारात आली नाही. ती बाहेरच्या खोलीत राहिली, नणंदेच्या पलंगाशी. ही आत वाटाणे सोलत बसली. किती साधी गोष्ट... खुर्ची काही हातांवर राहिली, एवढंच. पण शेंग फोडताना अंगठा उगाच जोरात दाबला जात होता आणि दाणे जमिनीवर उडत होते. बाहेरून त्याचा वाचायचा आवाज आला, तो खास, जरा खालच्या पट्टीतला.

"पाण्यात साखर घालत राहिलं की एक वेळ अशी येते, की आणखी साखर विरघळत नाही, ती तळाशी राहते. परंतु विरघळण्याची क्रिया थांबलेली नसते. विरघळण्याचा वेग आणि पुन्हा स्फटिकरूप होण्याचा वेग समान झालेला असतो."

"थांब. तळाशी राहते म्हणालास."

"हो."

"मग थांबली नाही कशी? बसलीय ती. माझ्यासारखी."

"दिसायला बसलीय. दोन्ही वेग समान असल्यामुळे—"

"बसलेल्याला वेग कुठला रे? गाडी उभी आहे म्हणतोस आणि पळतेय पण म्हणतोस. तिकीट कशाचं काढायचं?"

तो पुन्हा वाचू लागला, तेच, सावकाश, जणू सावकाशीने कळतं. मग पेन्सिलीचा आवाज. मग काहीच नाही. ती शांतता तिने ओळखली. वडील तीच ती ओळ पुन्हा घोळवायच्या आधी थांबायचे, तेव्हाची शांतता. त्याला काय म्हणायचंय ते मला माहीत आहे. वन्सं कुठे अडल्या तेही माहीत आहे, कारण मीही कधीतरी तिथेच उभी होते. आणि मी इथे वाटाणे सोलतेय...

ताट मांडीवरून कधी उतरलं ते तिला कळलं नाही. ती दारात उभी होती.

"वन्सं, मी देवघेवीला बसायचे ते वाचनालय आठवतंय? कादंबऱ्यांचं कपाट?"

"आठवतंय की. कायम भरलेलं. इथे कुणी वाचत नाही वाटतं, म्हणाले होते मी, आणि तुम्ही फुरंगटला होतात."

"कारण रोज जेवढी पुस्तकं जायची तेवढीच परत यायची. कपाट तेवढंच दिसायचं, पण कालचं पुस्तक त्या जागी नसायचं. साखरेचंही तसंच. तळातून जेवढे कण उठतात, तेवढेच पाण्यातले येऊन बसतात. ढीग तेवढाच. कण तेच नव्हेत."

नणंद भावाकडे वळली. "मग असं लिही ना, दादा. स्फटिकरूप काय, परकरावरचा डाग काय."

तो हसला नाही. पेन्सिल बोटांत तशीच होती.

"हे तुला कधीपासून—"

"गंजाच्या वेळेपासून."

"म्हणजे नंतरच्या फुल्या..." तो थांबला. मागची पुस्तकं त्याच्या डोळ्यांपुढून जाताना तिला दिसली, पानामागून पान. "ती वाक्यं मी बदलली."

"त्यातली बरीचशी चांगली होती," ती म्हणाली. खरं तेच तोंडातून गेलं. आता तो उठेल, बाड उचलेल, खोलीत जाईल. जाऊ दे. पण तो उठला नाही, आणि त्या न उठण्यात जी जागा झाली तिथे तिच्या मनात एक प्रश्न येऊन उभा राहिला. सोंगाचा नव्हता. त्याची तिलाच ओळख नव्हती.

"पण एक सांगा," ती म्हणाली. "पुस्तक कुणीतरी निवडून नेतं. तळाशी एवढे कण बसलेत, एकासारखा एक, खांद्याला खांदा लावून. मग आत्ता उठला तो हाच का? शेजारचा का नाही?"

त्याने बाडातलं पुढचं पान उलटून बघितलं.

"किती उठतील ते सांगता येतं," तो हळू म्हणाला. "कोणता, ते नाही."

आणि मग तिला तो बाक आठवला, जिथे नणंदेचा नवरा रोज सकाळी फिरून आल्यावर टेकायचा, त्याच्याच वयाचे आणखी तिघं शेजारी. ते तिघं अजून टेकतात. आठवलं आणि जीभ चावली. नणंद चादरीची एक सुरकुती तळहाताने सपाट करत होती.

"कुणालाच नाही सांगता येत?" नणंदेने विचारलं.

"कुणालाच नाही."

"बरं झालं," नणंद म्हणाली. "मला वाटत होतं, मलाच तेवढं कळत नाही."

यावर थट्टा आली नाही. तो पेन्सिल धरून समासाच्या कोऱ्या पट्टीकडे बघत होता, आणि त्याला काय लिहायचंय ते या वेळी तिला अजिबात माहीत नव्हतं. उद्या खुर्ची कुठे असेल, तेही नाही. ती पलंगाच्या कडेला, नणंदेला लागून टेकली. आपल्याला कळत नाही, खरोखर कळत नाही — ही गोष्ट तिला किती दिवसांनी परत मिळाली होती, आणि या वेळी ती लपवायची नव्हती की मिरवायची नव्हती, नुसतं तिच्यापाशी बसून राहायचं होतं. लहानपणी कथेत कुणाचंतरी मरण आलं की वडील गाणं थांबवून डोळे मिटायचे, आणि पुढची ओळ कधी येईल ते समोरच्या कुणालाच ठाऊक नसायचं, तसं...