गच्चीवरचा व्हिडिओ

कॅमेऱ्यासमोर बोलता बोलता नंदाबाईंना फोन आला. त्यांनी तो ऐकला, रेणुकाकडे एकदा पाहिलं आणि पदराला लावलेला माईक स्वतःच काढून तिच्या हातात दिला. भारतला, त्यांच्या मुलाला, कुंभार पिंपळगावच्या दुकानातून पोलिसांनी उचललं होतं.

"पोलिसाच्या मोबाइलात फाट्यावरचा व्हिडिओ हाये म्हन्त्यात. तुमच्या गच्चीवरून काढलेला," नंदाबाई म्हणाल्या. "तू दिला का न्हाई, यवढंच सांग."

"मी कुनालाच दिला न्हाई, मावशी."

"मंग तुमच्या गच्चीवर दुसरं कोन चढतं?"

रेणुका कॅमेरा आवरून निघाली तेव्हा मागे दाराला कडी लागल्याचा आवाज आला. या घराला दिवसा कडी लागलेली तिनं लहानपणापासून पाहिली नव्हती.

पुण्यात लग्नांचे व्हिडिओ जोडून ती पोट भरायची आणि उरलेल्या पैशातून स्वतःचे माहितीपट करायची. हा तिसरा, तिच्या स्वतःच्या गावाबद्दलचा. आरक्षणाच्या आंदोलनानंतर फाट्यावर चहाच्या दोन टपऱ्या झाल्या होत्या. एकीवर मराठे बसत, दुसरीवर धनगर. रेणुकाची आई आसराबाई धनगर, नंदाबाई मराठा; दोघी तीस वर्षं एकमेकींच्या शेतात निंदायला जायच्या, त्यांनीही येणंजाणं सोडलं होतं. हे असं का झालं, ते रेणुकाला समजून घ्यायचं होतं. दोन्ही टपऱ्यांवर तिला चहा मिळायचा, पण ती आली की माणसं गप्प बसायची. इकडचे म्हणायचे ही तिकडची झाली, तिकडचे म्हणायचे ही शेवटी इकडचीच.

दुपारपर्यंत तो व्हिडिओ तिच्याही मोबाइलवर आला. चाळीस सेकंदांचा. गेल्या महिन्यातला मराठ्यांचा रस्ता रोको, मधोमध अडकलेली एसटी, हातात दगड घेतलेला भारत, आणि मग फुटलेली काच. ड्रायव्हरला आठ टाके पडले होते. चित्रण तिचंच होतं, कोपऱ्यात तिच्याच आईचं लुगडं वाळत होतं.

मग तिनं ज्याच्या त्याच्यावर संशय घेतला. आठ दिवसांपूर्वी लॅपटॉप दुरुस्त करणाऱ्यावर, चार्जर मागायला आलेल्या चुलतभावावर, आईवरसुद्धा. शेवटी खोलीचं दार लावून तिनं मूळ चित्रण काढलं आणि सावकाश पाहिलं. भारतनं दगड उचलला होता, खरं. पण कुणीतरी हाताला धरल्यावर त्यानं तो खाली टाकला होता. काच फुटली ती पलीकडून, रस्ता मोकळा करायला आलेल्या धनगरांच्या घोळक्यातून आलेल्या दगडानं. तो गर्दीवर भिरकावला होता, लागला एसटीला. भिरकावणाऱ्याचा चेहरा स्पष्ट दिसत होता. तो करण होता, तिचा धाकटा भाऊ.

पसरलेल्या व्हिडिओतून मधला तेवढा तुकडा कापून टाकला होता. असं कापायला तिनंच त्याला दिवाळीत शिकवलं होतं.

करणनं नाकारलं नाही. पोलीस दगड मारणाऱ्याला शोधतच होते, आज ना उद्या आपल्यापर्यंत आले असते, म्हणून आपणच व्हिडिओ पाठवला, असं तो जेवता जेवता म्हणाला. मग आसराबाईंनी ताट बाजूला सारलं.

"तेवढं पुसून टाक," त्या म्हणाल्या. "भाऊ हाये तुझा."

"आणि भारत, आई?"

भारतच्या वेळी नंदाबाई माहेरी जाऊ शकल्या नव्हत्या, बाळंतपण आसराबाईंनीच केलं होतं. "त्याचं त्याची आई बघंल," आसराबाई म्हणाल्या. "तू सांग, तू आमची हायेस का न्हाई?"

पुण्यातल्या लोकांपुढे या प्रश्नावर रेणुका तासभर बोलू शकली असती. आईपुढे तिनं फक्त आपलं ताट उचललं आणि मोरीकडे नेलं.

सकाळी ती काळीपिवळी जीपनं तालुक्याला, घनसावंगीला गेली आणि भारतच्या वकिलाला अख्खं चित्रण देऊन आली. वकिलानंही आधी विचारलं, यात तुमचा काय फायदा. त्यानं ते चित्रण पोलिसांकडे आणि कोर्टात दिलं. चौथ्या दिवशी पोलिसांनी करणला नेलं. त्या दिवसापासून आसराबाई तिला वाढायच्या, पण बोलायच्या नाहीत. नंदाबाईंकडूनही निरोप आला नाही. धनगराच्या पोरीनं सख्ख्या भावाला अडकवलं, म्हणजे यात आणखी काहीतरी डाव असणार, असं मराठ्यांच्या टपरीवर चाललं होतं.

भारतवर रस्ता रोकोचा गुन्हा राहिलाच होता; त्याची आणि करणची तारीख एकाच दिवशी लागली. कोर्टाबाहेरच्या कडुलिंबाखाली एकच बाकडं होतं आणि त्यावर नंदाबाई बसल्या होत्या. आसराबाई उन्हात उभ्या राहिल्या. अर्धा तास कुणी कुणाकडे पाहिलं नाही. मग नंदाबाईंनी शेजारची पिशवी उचलून मांडीवर घेतली. आसराबाई आल्या आणि रिकाम्या जागेवर बसल्या. थोड्या वेळानं पिशवीतून भाकरी निघाली, तिचे दोन तुकडे झाले.

रेणुका फाटकापाशी उभी होती. दोघींनी तिला पाहिलं होतं. दोघींपैकी कुणीही तिला हाक मारली नाही.