किटली आणि खुर्ची

किटलीची मूठ आणखी दोन फूट वर न्यायची, असा निरोप घेऊन नगरपालिकेचे अध्यक्ष स्वतः वर्कशॉपमध्ये आले, तेव्हा मिस्त्री स्टुलावर बसून गुडघ्याला तेल चोळत होता. त्याने पँटचा पाय खाली ओढला आणि कपाळाला हात लावायची इच्छा मोठ्या कष्टाने आवरली.

किटली म्हणजे गावाबाहेरच्या मोठ्या रस्त्यालगतची लोखंडी किटली. कधीकाळी इथल्या कारखान्यात किटल्या बनत. कारखाना बंद पडला, कामगार पांगले, पण गावाला ओळख तर हवी, म्हणून ही अवाढव्य किटली उभी राहिली. मिस्त्रीनेच ती उभी केली होती. सुरुवातीला दिसायलाही बरी होती. मग पलीकडच्या गावाने, जिथे सुतार फार, रस्त्याकडेला एक लोखंडी खुर्ची उभी केली आणि खाली पाटी लावली: सर्वांत उंच. झालं. तेव्हापासून एका वर्षी किटलीच्या झाकणावरची मूठ वाढायची, की लगेच खुर्चीची पाठ वाढायची. आता किटली डोक्यात खांब घुसलेल्या माणसासारखी दिसत होती आणि खुर्चीवर बसायला जिराफच लागला असता. येणारेजाणारे यातलं काहीही बघायला थांबत नसत, ही गोष्ट दोन्ही गावांना माहीत होती आणि दोन्ही गावांत कोणी ती बोलून दाखवत नसे.

आधी तिकडे जाऊन गुपचूप खुर्ची मोजून या, मग आपण त्यांचं नाक कापू, असं अध्यक्षांचं म्हणणं पडलं. मिस्त्रीने मान हलवली. नाही म्हणायलाही अंगात जोर लागतो, आणि तेवढा त्याच्यात उरला नव्हता.

जायचं त्याच्या जिवावर आलं होतं ते केवळ गुडघ्यांमुळे नाही. खुर्ची बांधणारा त्याचा मेहुणा होता, धाकट्या बहिणीचा नवरा. तो याच वर्कशॉपमध्ये, मिस्त्रीच्या वडिलांच्या हाताखाली शिकलेला. अकरा वर्षांपूर्वी दोन्ही गावांनी मिळून मोजणी ठेवली होती. तीत मेहुण्याने टेप चौथऱ्याच्या तळापासून धरली. चौथरा दोन फुटांचा, आणि खुर्ची नेमकी दीड फुटाने जिंकली. मिस्त्री भर गर्दीत त्याला लबाड म्हणाला. चूक दाखवायची तर बाजूला घेऊनही दाखवता आली असती. पण त्या दिवशी मिस्त्रीला किटली डोक्यात गेली होती. मेहुणा तिथून निघून गेला आणि त्याच्यामागे धाकटीही. त्यानंतर ती माहेरी आली नाही. पलीकडचं गाव बसने अर्ध्या तासावर होतं आणि अकरा वर्षांत मिस्त्रीचा तिकडे पाय वळला नव्हता.

रविवारी दुपारी तो बसमधून उतरला तेव्हा खुर्चीपाशी चिटपाखरू नव्हतं. मागच्या पायाला रंगकामासाठी सळ्यांची शिडी जोडलेली होती. टेप कमरेला अडकवून तो चढू लागला. दर चार सळ्यांनी थांबायचं, दम खायचा, स्वतःला एक शिवी द्यायची आणि पुढे सरकायचं.

बैठकीच्या वर, पाठीपाशी पोचल्यावर वाढवलेले तुकडे सुरू झाले. दर वर्षाचा एक फूट, आणि दर फुटाला एक जोड. मिस्त्रीचे डोळे आपोआप जोडावर गेले, शिंप्याचे शिवणीवर जातात तसे. पहिला जोड मेहुण्याचाच होता, जाड आणि सरळ. दुसरा, तिसरा, चौथा तसेच. पाचवा जरा वेडावाकडा, आणि सहाव्यापाशी मिस्त्री थांबला.

वेल्डिंगच्या जोडावर बारीक लाटा उठतात. हात ज्या दिशेने सरकला, ती दिशा त्या लाटा सांगतात. उजवा हात बहुधा डावीकडून उजवीकडे जातो. या लाटा उलट्या होत्या. सारख्या अंतराच्या, नाजूक आणि उलट्या. असा जोड मारणारं माणूस त्याने आयुष्यात एकच पाहिलं होतं. वडील या दोघा भावंडांना शेजारी बसवून शिकवायचे आणि धाकटीचा जोड हातात घेऊन त्याला म्हणायचे, ही डावखुरी तुझ्यापेक्षा बरं शिवते बघ.

तो वर चढत राहिला. सातवा तिचा, आठवा तिचा, अकराव्यापर्यंत सगळे तिचे. नववीपर्यंत शाळेत गेलेली, पाल दिसली तरी खाटेवर उभी राहणारी धाकटी गेली सहा वर्षं इथे येत होती. शेवटच्या जोडात दोन ठिकाणी लाटा फिसकटल्या होत्या. तिथे हात थरथरला होता. तिलाही आता अठ्ठावन्न वर्षं झाली होती.

मिस्त्रीने शिडीला मिठी मारली आणि कपाळ गार लोखंडाला टेकवलं. सहा वर्षं तो मेहुण्याची जिरवायची म्हणून मूठ वाढवत होता. त्याने एक फूट वाढवला, की ती एक फूट आणखी वर चढत होती. त्याला रडू आलं आणि रडताना हात सुटेल अशी भीतीही वाटली, म्हणून त्याने ते अर्ध्यावर थांबवलं. मग कामाचं माणूस होता म्हणून टेप खाली सोडली. चौथरा वगळून सत्तेचाळीस फूट. किटली सेहेचाळीस होती.

मेहुण्याचं घर त्याला विचारत जावं लागलं. मेहुणा दारासमोर उन्हात बसला होता. पावलं वाजली तशी त्याने मान वळवली, पण आवाजाकडे डोळे नाही, कान केला. कोण आहे, असं त्याने विचारलं. तेवढ्यात धाकटी बाहेर आली. हातांवर ठिणग्यांचे काळे ठिपके होते, तसेच मिस्त्रीच्याही हातांवर होते.

"यंदा किती फूट, दादा?" ती म्हणाली.

"दोन सांगितलेत."

"म्हणजे मलाही दोन." तिने पायरीवर बसकण मारली. "कंबर राहिली नाही रे आता."

मग तिने सगळं सांगितलं, भाजीचा भाव सांगावा इतक्या सरळपणे. सहा वर्षांपूर्वी मेहुण्याच्या डोळ्यांनी पुरता दगा दिला. तो आंधळा झालाय हे गावात कळू द्यायचं नाही, एवढाच त्याचा हट्ट. म्हणून त्याचे कपडे आणि तोंडावर वेल्डिंगची काळी काच चढवून ती वर जाते आणि तो खाली शिडी धरून उभा राहतो. खालून कोणाला कळतंय काचेआड कोण आहे ते. वर चढून पाहणारं दुसरं माणूस गावात नाही.

"आमच्याकडेही नाही," मिस्त्री म्हणाला.

मिस्त्री कमरेच्या टेपशी चाळा करत होता. वडिलांनी त्याला वेल्डिंगच्या आधी मोजायला शिकवलं होतं आणि खोटं माप त्याने उभ्या जन्मात कोणाला दिलं नव्हतं. त्या एका गोष्टीचा त्याला फार ताठा होता. त्याच ताठ्यापायी बहीण गेली होती.

"खुर्ची पंचेचाळीसच भरली, असं सांगतो मी," तो शेवटी म्हणाला. "म्हणजे आमचं वाढवायचं काम संपलं. आमची वाढली नाही की तुमचीही नाही."

मेहुणा त्याच्या आवाजाच्या दिशेने वळला.

"मला लबाड म्हणाला होतात, दादा."

"म्हणालो होतो."

"मग आता तुम्हीही व्हा."

तो हसला नाही, पण पाय आखडून घेऊन त्याने बाकावर जागा केली. मिस्त्री तिथे बसला आणि धाकटी चहा टाकायला आत गेली.

दुसऱ्या दिवशी अध्यक्षांनी तीनतीनदा विचारलं, नक्की पंचेचाळीस का. मी स्वतः चढून मोजली, असं मिस्त्रीने सांगितलं आणि त्यातला निम्मा भाग खराच होता. अध्यक्ष खूश झाले. आठवड्याभरात किटलीखालीही पाटी लागली: सर्वांत उंच. आता एकाच रस्त्यावर तशा दोन पाट्या आहेत आणि आजवर कोणी गाडी थांबवून जाब विचारलेला नाही.

अध्यक्षांना माप सांगितलं त्या संध्याकाळी चालत घरी जाताना मिस्त्रीचे गुडघे दुखायचे थांबले, असं सांगायला बरं वाटलं असतं. पण ते दुखतच होते. घरी पोचल्यावर त्याने वरच्या मजल्यावरचा पलंग सुटा केला आणि एकेक तुकडा करत खालच्या खोलीत आणला. येत्या रविवारी धाकटी राहायला येणार होती, आणि तिला आता एकही जिना चढायला लावायचा नव्हता.