साखळीवरचं कीर्तन

प्रेमसिंगने माझ्या कमरेला दोर बांधला तेव्हाच मला त्याचा राग आला होता. म्हशीचं दावं ताणून पाहावं तसा त्याने तो दोनदा हिसडला आणि म्हणाला, "पोट अंदर घ्या मास्तर. दोर कंबरीवर पाह्यजे, पोटावर नाही."

"हीच कंबर आहे," मी म्हणालो.

मागच्या रांगेतले लोक हसले. महाशिवरात्रीचा दिवस, उपाशी पोट, ऊन डोक्यावर आलेलं, आणि वर हे.

मी मंगरूळपीरला प्राथमिक शाळेत बावीस वर्षं शिकवतो. सायकल जाईल तिथलं एकही कीर्तन मी कधी चुकवलेलं नाही. पावसात भिजत ऐकलं, ताप अंगात असताना ऐकलं. मात्र मानोऱ्याच्या पलीकडे जो कडा आहे, त्याच्या माथ्यावरच्या महादेवापुढे शेषराव महाराज दर महाशिवरात्रीला कीर्तन करतात, ते मी चौदा वर्षं खालूनच ऐकत आलो. कडा दीडशे हात उंच, सरळ भिंतीसारखा. आम्ही पायथ्याच्या चिंचेखाली बसायचो आणि वारा जे आणून देईल ते ऐकायचो. वर टाळ वाजला की कळायचं, अभंग सुरू झाला. मग "तेव्हा तो राजा म्हणाला" एवढं ऐकू यायचं आणि वारा फिरायचा. कोणता राजा, काय म्हणाला, ते आजपर्यंत मला माहीत नाही.

या वर्षी महाराजांनी सत्तरी ओलांडली. गुडघे गेले, आता वर येणं हे शेवटचं, असं त्यांनी स्वतःच सांगून टाकलं. म्हणून मी ठरवलं की यंदा वर जायचं आणि एक तरी कीर्तन नमनापासून आरतीपर्यंत समोर बसून ऐकायचं.

पूर्वी महाराज आणि चार धीट टाळकरीच खडकाच्या खाचा धरून वर जात; बाकीच्यांची सोय दोन वर्षांपूर्वी झाली. गावाने खडकात लोखंडी खुंट्या ठोकून घेतल्या आणि बाजूने साखळी लावली. माणसं चढवायचं काम प्रेमसिंगकडे आलं. तो जवळच्याच तांड्यावरचा. पाच-सहा वर्षं धरणाच्या कामावर दोराला लटकून सुरुंगाची भोकं पाडत होता. त्यानेच ही रीत बसवली. कमरेच्या दोराला दोन शेपट्या, प्रत्येकीला लोखंडी आकडा. दोन्ही आकडे साखळीत अडकवायचे. साखळी जिथे खडकाला जोडली आहे तिथे एक आकडा काढून जोडाच्या वर लावायचा, मग दुसरा.

"एक सोडला तं दुसरा लावलेला पाह्यजे," त्याने बजावलं. "दोन्ही एकदम सोडले, तं मंग मले आवाज देऊ नोका. महादेवालेच द्या. अन साखळीवर जयघोष नाही. वर जाऊन काय बोंबलाचं ते बोंबला."

नामाला बोंबलणं म्हणणारा हा माणूस. उपास होता, म्हणून सोडून दिलं.

पहिल्या दहा खुंट्या बऱ्या गेल्या. खाली माझी पत्नी प्रयाग उभी होती, तिने तिथून हुकूम सोडायला सुरुवात केली. "अवो, उजवा पाय टाका. उजवा म्हंजे जेवाच्या हाताकडचा." वर्गात चाळीस पोरांना डावं-उजवं शिकवणारा मी. माझ्या पायाखाली चंपाबाई होत्या, साठीच्या, नऊवारी घट्ट खोवून आलेल्या. त्यांच्यामागे खुद्द महाराज. आणि प्रेमसिंग दोराबिराची पर्वा न करता पालीसारखा माझ्या बाजूने सरकत होता.

"मास्तर, तुमची टाच माह्या कपाळाले लागून राह्यली," चंपाबाई म्हणाल्या. "वर जाता, का इथंच शाळा भरवता?"

अर्ध्यावर कड्याला पोट सुटलं आहे. तिथे खडक छातीला ढकलतो आणि पुढची खुंटी दिसत नाही, चाचपावी लागते. त्या पोटाच्या वर बसण्यापुरता टप्पा आहे. प्रेमसिंग म्हणाला, "खाली पाहू नोका." तोपर्यंत खाली पाहायचं माझ्या मनातही नव्हतं. पाहिलं. चिंचेखाली प्रयागने साबुदाण्याच्या उसळीचा डबा ठेवला होता, तो दिसला. एवढासा दिसला. मी साखळीला मिठी मारली.

"चला."

"थांब."

"किती थांबू?"

"मला खाली जायचं आहे."

"खाली कुठून जाता? मागं सत्तावीस माणसं हायत. तुमच्यासाठी काय सत्तावीस माणसं उलटी उतरवू?" प्रेमसिंगने कपाळावर हात मारला. शंभर फुटांवर लटकून माणूस कपाळावर हात मारतो, हे पाहूनच माझी पकड आणखी घट्ट झाली.

मी डोळे मिटले. किती वेळ गेला कोण जाणे. खालून चंपाबाईंचा आवाज आला, आता त्यात थट्टा नव्हती. "मास्तर, महाराजांचे पाय थरथरून राह्यले. म्हातारा माणूस उन्हात उभा हाय. परत जातो म्हणून राह्यले ते."

महाराज परत फिरले तर माथ्यावर दीडेकशे माणसं त्यांची वाट पाहत बसतील आणि शेवटचं कीर्तन होणारच नाही. आणि कोणामुळे? जो म्हणतो की मी एकही कीर्तन चुकवलं नाही, त्याच्यामुळे. तरी पाय हलेना. स्वतःच्या पायाला शिव्या देऊन पाहिल्या, तरीही नाही.

महाराजांना वाटलं असावं, मला धीर द्यावा. ते खालून म्हणाले, "मास्तर, नाम घ्या, नाम," आणि सवयीने त्यांनीच सुरू केलं, "पुंडलिक वरदे..."

आता चाळीस वर्षांची सवय. महाराजांनी एवढं म्हटलं की पुढचं म्हणायला मी स्वतःला विचारत नाही. माझे दोन्ही हात वर गेले आणि खणखणीत आवाजात "हरी विठ्ठल" म्हणून झालं. त्यानंतर लक्षात आलं की मी कशालाच धरलेलं नाही.

पडलो हातभरच. आकड्यांनी साखळी करकचून धरली, दोर वर सरकला आणि मी हवेत बसलो. बाजारात टांगलेल्या भोपळ्यासारखा फिरत होतो. प्रेमसिंगने माझी बंडी पकडली आणि मला खडकाकडे वळवलं. रागाने त्याचे ओठ पांढरे झाले होते.

"महाराज," तो खाली वाकून म्हणाला, "तुमाले सांगतलं होतं का नाही?"

"चुकलो बाबा," महाराज म्हणाले.

मग तो माझ्याकडे वळला. "मेले का तुमी?"

"नाही."

"दोर तुटला?"

"नाही."

"मंग आता कायले भेता? जे होयाचं ते होऊन गेलं."

भक्तीच्या बळावर चढलो असं लिहायला मला फार आवडलं असतं. पण चढलो ते रागाने. त्याच्यावरचा राग, चंपाबाईंवरचा, खालून "काय झालं, अवो, काय झालं" असं विचारत सुटलेल्या प्रयागवरचा, आणि सगळ्यात जास्त स्वतःवरचा. पोट ओलांडलं, टप्पा ओलांडला, माथ्यावर पोचलो. महाराजही आले. त्यांनी घोटभर पाणी घेतलं, उपरणं झटकलं आणि वीणा गळ्यात घातली.

मी पहिल्या रांगेत, त्यांच्यापासून चार हातांवर बसलो. आणि एक शब्द ऐकला नाही.

म्हणजे कानावर सगळं पडत होतं. महाराज रंगात आले होते, लोक डोलत होते. माझ्या डोक्यात मात्र एकच, उतरायचं कसं? चढताना निदान खुंटी डोळ्यांपुढे असते. उतरताना पाय आंधळा. महाराज आख्यान सांगत होते आणि मी मनात आकडे काढत होतो, लावत होतो. लोकांनी हात वर केले की मी करत होतो. एकदम आरती सुरू झाली. मग हातात प्रसादाचा खडीसाखरेचा तुकडा. चौदा वर्षं ज्याची वाट पाहिली ते संपलं होतं, आणि मी चिंचेखाली बसलो असतो तर कदाचित जास्त ऐकलं असतं.

प्रेमसिंग वर येऊन म्हणाला, "आधी मास्तर. जो जास्त भेते त्याले आधी उतरवतो मी."

तो माझ्या खाली राहिला. माझी टाच हातात धरून खुंटीवर ठेवायचा. टप्पा आला तेव्हा त्याने विचारलं, "आज काय सांगतलं महाराजानं?"

"तू ऐकलं नाहीस?"

"मी कुठं ऐकतो? कोणी उशिरा येते, कोणाले मधूनच उतराचं असते. मी या टप्प्यावर बसून राह्यतो. दोन साल झाले, इथं नुसता टाळ ऐकू येते. बोल वाऱ्यानं जाते."

मलाही काही माहीत नाही, असं मी सांगणार होतो. तोंड उघडलं आणि भलतंच बाहेर आलं. "एक मशालवाला होता."

कुठून आलं ते मला अजून समजलेलं नाही.

"देवाच्या पालखीपुढे मशाल धरायचा. त्याचा बाप धरायचा, आजा धरायचा."

"पाय खाली. अजून. हां. मंग?"

"तो पालखीच्या पुढे चालायचा. म्हणजे देव कायम त्याच्या पाठीमागे. जन्मभर पालखीबरोबर चालला, पण पालखीतल्या देवाचं तोंड त्याने पाहिलं नाही."

"मागं वळून पाहाचं."

"मागे वळून उभा राहिला तर पालखी अडते. रात्रीच्या आत पोचायची असते."

"आकडा लावा. अवो, आधी आकडा. मंग एक दिवस मशाल दुसऱ्याजवळ द्याची. साधी गोष्ट हाय."

"कीर्तनात असं मधे बोलत नाहीत, प्रेमसिंग."

"कीर्तन कुठं करून राह्यले तुमी? उतरून राह्यले."

मी तसाच सांगत राहिलो. त्या मशालवाल्याने एके वर्षी गावाला सांगितलं, यंदा मी मशाल धरत नाही, मला देव पाहायचा आहे. गावाने दुसरा माणूस शोधला, पण रस्ता पाठ असलेला कोणी मिळेना. एवढ्यात पायाला माती लागली. खाली आलो होतो, वाटेत काढलेल्या-लावलेल्या आकड्यांपैकी एकही आठवत नव्हता.

"पाह्यला का मंग त्यानं देव?" प्रेमसिंगने माझा दोर सोडत विचारलं. वरून चंपाबाईंनी त्याला हाक मारली. लोक खोळंबले होते. "जाऊ द्या," तो म्हणाला, "मले सांज होते आता," आणि सरसर चढूनही गेला.

"साडेचारची गाडी हाय," प्रयाग म्हणाली. "उसळ खा अन चला."

राहिली होती दोन-तीन वाक्यं. ओरडून सांगता आली असती. पण त्या कड्यावर वारा बोलांचं काय करतो हे मला चौदा वर्षांचं ठाऊक. आणि कीर्तन अर्ध्यावर सोडून उठणाऱ्यांबद्दल मी आयुष्यभर जे बोललो आहे ते प्रयागनेच सगळ्यात जास्त ऐकलं आहे. मी दोर उचलून कमरेला बांधायला लागलो. तिने माझ्याकडे पाहिलं, डबा उघडला आणि एकटीच खायला बसली. "वेड लागलं," ती उसळीला म्हणाली.

टप्प्याशी पोचलो तेव्हा प्रेमसिंग महाराजांचा पाय खुंटीवर ठेवत होता. मला पाहून त्याचा चेहरा असा झाला की काय सांगू.

"तुमी कायले आले?"

"गाव त्याला म्हणालं," मी धापा टाकत सांगितलं, "तू मशाल घेऊन उलटा चाल. तोंड देवाकडे ठेव. पाय कुठे टाकायचा ते आम्ही सांगत जातो."

महाराज साखळीला धरून थांबले. प्रेमसिंगने हातातला त्यांचा पाय खुंटीवर नीट टेकवला.

"हे बराबर हाय," तो म्हणाला. "आता बाजूले सरका, महाराजाले उतरू द्या."