गाठवाले

माझी गाठ सुटत नाही. ही बढाई नाही. पार्सल ऑफिसात चौतीस वर्षं पोत्यांची तोंडं बांधली, त्यातली ही कमाई. दोन वेढे, शेपूट मागून आत, आणि मग गुडघा टेकवून एक हिसका. मी बांधलेलं पोतं वाटेत उघडलं अशी तक्रार एकदाही आली नाही. सहा वर्षांपूर्वी रिटायर झालो तशी पोती गेली, पण हात काही गप्प बसेनात. घरात बांधण्यासारखं काय उरलं होतं, तर कचऱ्याच्या पिशव्या.

दुधाच्या रिकाम्या पिशव्या एका पिशवीत, तिला गाठ. ती पिशवी बिस्किटांच्या पुड्यांसकट दुसरीत, तिलाही गाठ. मग सगळ्यावरून मोठी काळी पिशवी आणि तिला माझी खास गाठ. बायको म्हणायची, "अहो, तिकडे कुणाला तरी ती उघडावी लागते. मोकळी द्या." मी म्हणायचो, "काय?" ती पुन्हा सांगायची. मी पुन्हा "काय?" म्हणायचो. तिसऱ्यांदा ती नाद सोडायची.

माझा डावा कान कधीचाच कामातून गेलाय आणि उजवा निम्माशिम्मा. लेक पाच वर्षं मशीन बसवा म्हणून मागे लागली होती. मी दाद दिली नाही. ऐकावं जनाचं, करावं मनाचं म्हणतात. जनाचं ऐकूच आलं नाही तर निम्मं काम वाचतं. शिवाय घरात भांडण झालं की बहिरा माणूस सहसा हरत नाही.

मग बायकोचा घसा बसला. बसला तो उठेना. तपासण्या झाल्या आणि डॉक्टरांनी कागदावर चित्र काढून दाखवलं की स्वरयंत्रावर गाठ आहे. गाठ म्हटल्यावर मला काय वाटलं ते मी कुणालाच सांगितलं नाही. स्वरयंत्र पुरतं काढावं लागेल, जीव वाचेल, पण आवाज राहणार नाही, असं ते म्हणाले. लेकीनं हे मला लिहून दाखवलं. ऑपरेशनची तारीख पडली तीन आठवड्यांनंतरच्या शनिवारची. दुसऱ्या दिवशी मी स्वतःहून लेकीला म्हटलं, चल, कानाचं मशीन घेऊ.

बायकोचा आवाज गोड होता असं मी म्हणणार नाही. दवाखान्यात चौकशीच्या खिडकीवर बसून तिनं अख्खी नोकरी केली. "दुसरा मजला, डावीकडे, रांगेत या" हे दिवसातून शंभरदा म्हणून आवाजाला जी धार येते ती तिच्या आवाजाला होती. आता त्याचीही कुजबुज झाली होती. मशीन नसेल तर मला नुसते ओठ हलताना दिसायचे. पण मशीन आलं आणि मला कळलं की ती भाजी चिरताना गुणगुणते. कुठलंही उत्तर देण्याआधी "हं" म्हणते. स्वयंपाकघरातल्या गळक्या नळाला रागावते. एका घरात राहून हे मला ठाऊक नव्हतं. अकरा दिवस मी तिच्या मागे मागे फिरलो आणि ती म्हणाली, "शेपूट फुटलंय का मला?"

लेकीनं तिचा आवाज फोनमध्ये भरून ठेवला. चांगलं केलं. पण फोनमधला आवाज उलट उत्तर देत नाही, आणि उलट उत्तर दिलं नाही तर ती बायको माझी नव्हे.

गुरुवारी सकाळी कानात खाज आली म्हणून मी मशीन काढलं आणि ओट्यावर पडलेल्या पावाच्या पिशवीवर ठेवलं. खिडकीतून कचऱ्याची गाडी वळताना दिसली. ओट्यावरचं सगळं एका हातानं गोळा केलं, पिशवीत पिशवी, गाठीवर गाठ, आणि खाली जाऊन गाडीत टाकून आलो. तासाभरानं कानाला हात लावला. कानात काही नव्हतं.

तोंडचं पाणी पळालं. सोफ्याखाली शोधलं, खिसे उलटे केले. शेवटी बायकोनं बोट दाखवलं: आधी ओट्याकडे, मग कचऱ्याच्या डब्याकडे, मग खिडकीकडे. ती काहीतरी बोललीही. तिचे ओठ हलले आणि मला एक अक्षर कळलं नाही. शुक्रवारी संध्याकाळी तिला भरती व्हायचं होतं. म्हणजे हातात दीड दिवस होता, आणि त्यातलं बोलणं असं हवेत जाणार होतं. मी ओट्याला टेकून उभा राहिलो आणि रडलो, हे सांगायला मला लाज वाटत नाही.

लेक धावत आली. कानाच्या दवाखान्यात विचारलं तर नवीन मशीनला आठ दिवस लागणार होते. त्यांनी तात्पुरतं एक दिलं, पण त्यात पंख्याची घरघर आणि बायको यांतला फरक कळेना, म्हणून ते काढून ठेवलं. तेव्हा लेक म्हणाली, म्हणजे तिनं पाटीवर लिहिलं, "कचरा जिथे निवडतात तिथे जाऊ."

अशी जागा असते हेच मला माहीत नव्हतं. कचरा गाडीत पडला की माझ्या लेखी तो संपत होता. पत्र्याचं उंच छप्पर, मधोमध धावणारा रबरी पट्टा आणि पट्ट्याच्या दोन्ही अंगांना हातमोजे घातलेल्या पंचवीसेक बायका. पट्ट्यावरून बाटल्या, झाकणं, शांपूच्या पुड्या, हात तुटलेली बाहुली, औषधांची पाकिटं वाहत होती आणि बायकांचे हात न थांबता वेचत होते. मागे दाबून बांधलेल्या प्लास्टिकचे गठ्ठे छपरापर्यंत चढले होते. मला आवाज नव्हता, त्यामुळे ते सगळं मुकाट चालल्यासारखं दिसत होतं. लेकीनं माझ्या कानाशी ओरडून सांगितलं, "बाबा, हे फक्त आपल्या भागाचं आहे. आजचं."

तिथली मुकादम एक तरणी बाई होती. पुढचं बोलणं लेकीनं मला नंतर सांगितलं. मुकादम म्हणाली, "सकाळपासून चार गाड्या आल्या. तुमची गाडी दुसरी असणार, तिचा माल निवडून, दाबून झाला. त्या गठ्ठ्यातून काही निघायचं नाही. पिशवी कशी होती?"

"काळी," लेक म्हणाली.

मुकादमनं नुसता हात फिरवला. जिकडे पाहावं तिकडे काळ्या पिशव्या.

लेकीचा चेहरा पडलेला पाहून मला कळलं. मला बोलायचं सुचेना, म्हणून हातांना सुचलं. जमिनीवरची एक रिकामी पिशवी उचलली आणि मुकादमच्या डोळ्यांसमोर गाठ मारून दाखवली. दोन वेढे, शेपूट आत, हिसका.

पट्ट्याच्या टोकाला एक उंच, पन्नाशीची बाई उभी होती. सगळ्या तिला मावशी म्हणत होत्या. तिनं ती गाठ पाहिली, दांडा खाली ओढून पट्टा थांबवला आणि तोंडावरचा मास्क खाली केला. "अगं बाई," ती म्हणाली, "हे गाठवाले."

सगळ्या जमल्या. कुणी हसतेय, कुणी कोपरानं ढोसतेय, कुणी मला नखं दाखवतेय. सहा वर्षं त्या मला ओळखत होत्या. नाव माहीत नाही, तोंड पाहिलेलं नाही, पण रोज सकाळी माझी आठवण निघायची आणि ती चांगली निघत नसे. मावशीनं डाव्या हाताचा मोजा काढला आणि अंगठा माझ्यासमोर धरला. नखापासून मुळापर्यंत पांढरा व्रण होता. तिनं पिशवी कापल्याची खूण केली, मग माझ्याकडे बोट केलं. हे लेकीला भाषांतरित करावं लागलं नाही.

मला वाटलं, आता ही मला बाहेरची वाट दाखवणार. माझी काही तक्रार नसती.

पण ती मला कोपऱ्यातल्या निळ्या पिंपाकडे घेऊन गेली. पट्टा धावत असताना हट्टी गाठ सोडवायला कुणाला वेळ नसतो, आणि तिचा अंगठा कापला तेव्हापासून तर चालत्या पट्ट्यावर गाठ कापायची मनाईच झाली होती. तशा पिशव्या निळ्या पिंपात टाकायच्या आणि पट्टा बंद झाला की बसून, सावकाश उघडायच्या. मोकळी दिलेली असती तर माझी पिशवी केव्हाच गठ्ठ्यात दाबून गेली असती. पिंपात नऊ पिशव्या होत्या. वरून तिसरी माझी. माझी गाठ मी हजारात ओळखेन.

मी कात्रीसाठी हात पुढे केला. मावशीनं मान हलवली. आत मशीन आहे, कापू नका, असा एक अर्थ होता. दुसरा अर्थ तिच्या डोळ्यांत होता. तिनं स्टूल पुढे सरकवलं आणि म्हणाली, "सोडवा."

मी बसलो. प्लास्टिकची गाठ सुतळीसारखी ऐकत नाही. ओढली की आणखी आवळते, नख घातलं की निसटते. दहा मिनिटं गेली. एक नख मोडलं. जेवणाची सुट्टी झाली होती, तरी बायका आपापले डबे सोडून बघत उभ्या होत्या आणि मला घाम फुटला होता. वरची सुटली तर आत दुसरी, दुसरीच्या आत तिसरी. चौतीस वर्षांत मी गाठी मारल्या, सोडवली एकही नव्हती. ते काम नेहमी पोहोचलेल्या ठिकाणी दुसरं कुणीतरी करायचं.

तिसरी गाठ सुटायच्या बेतात असताना मावशीनं एकदम हात वर केला. सगळ्या गप्प झाल्या. तिनं पिशवी कानाला लावली आणि लेकीला म्हणाली, "आत शिट्टी वाजतेय."

मशीन चालू राहिलं आणि कशाखाली दबलं की शिट्टी मारतं. मला सोडून सगळ्यांना ती ऐकू येत होती.

पावाच्या पिशवीच्या घडीत मशीन निघालं. मावशीनं ते आपल्या ओढणीच्या टोकानं पुसलं आणि मला दिलं. कानात घातलं आणि पहिला आवाज आला तो पंचवीस बायकांच्या हसण्याचा. माझा जीव भांड्यात पडला. मग कुणीतरी पट्टा सुरू केला आणि प्लास्टिकचा आवाज आला. चुरचुर, खडखड, न संपणारा. डोळ्यांना जे दिसलं होतं ते आता कानानं कळलं.

मावशीनं माझ्या पिशवीतला ऐवज तिथेच निवडला. दुधाच्या पिशव्या एकीकडे: "धुऊन दिल्या असत्या तर ह्यांचं काहीतरी झालं असतं." बाटली दुसरीकडे: "हिचं होतं." बिस्किटांच्या चकचकीत पुड्या हातात धरून ती म्हणाली, "ह्याचं काही होत नाही."

"काहीच नाही?"

"काही नाही. पुरतात, नाहीतर जाळतात, नाहीतर वाऱ्यानं नदीला जातं. तुम्ही-आम्ही जाऊ, ही पुडी राहील."

मी तिचे आभार मानले. नुसत्या आभारांनी पोट भरेना, म्हणून विचारलं, तुमच्यासाठी मी काय करू? ती हातमोजा चढवत म्हणाली, "काही नको, आजोबा. तेवढी गाठ मारू नका."

मी तिथेच कानाला खडा लावला.

घरी आलो तर बायको दारातच होती. मी सगळं सांगितलं. तिनं पहिलं विचारलं, "हं. कुणाला लागलं-बिगलं नाही ना त्या पिशव्यांनी?" मी अंगठ्याचं सांगितलं. ती बराच वेळ बोलली नाही, आणि तिनं असं गप्प बसणं त्या दिवशी मला परवडणारं नव्हतं. मग म्हणाली, "सहा वर्षं सांगत होते मी."

"मला ऐकू येत नव्हतं गं."

"येत होतं तुम्हाला," ती म्हणाली.

उरलेला सगळा वेळ ती बोलली. काय बोलू, असं तिनं विचारलं तर मी म्हटलं, काहीही. तिनं औषधाच्या खोक्यावरचं वाचून दाखवलं, शेजारणीची नक्कल केली, नळाला शेवटचं रागावून घेतलं. दमली की थांबायची, पाणी प्यायची, पुन्हा सुरू. मी खुर्ची जवळ ओढून बसून राहिलो. इतकं श्रीमंत मला आयुष्यात कधी वाटलं नव्हतं.

ऑपरेशन नीट झालं, हे आधीच सांगून टाकतो. ती घरी आहे, पाटीवर लिहिते, तिचं अक्षर डॉक्टरांपेक्षा वाईट आहे, आणि राग आला की ती टाळ्या वाजवते. दुधाच्या पिशव्या मी धुऊन दोरीवर वाळत घालतो. चकचकीत पुड्यांची बिस्किटं घरात येणं बंद केलंय. पत्र्याचा डबा घेऊन बेकरीत जातो. गुरुवारी दुपारी त्या शेडमध्ये निळ्या पिंपापाशी बसून लोकांच्या गाठी सोडवतो. गाठवाले आपल्याकडे पुष्कळ आहेत. मावशी मला स्टूल देते आणि माझ्या नखांवर हसते. तिचा अंगठा दिसला की मी खाली बघतो.

पण सांगायचं होतं ते त्या शनिवारच्या सकाळचं. तिला ढकलगाडीवर घेतलं होतं आणि नर्सनं आम्हाला एक मिनिट दिलं. मी उजवा कान तिच्या तोंडाशी नेला. इतक्या वर्षांचा संसार, आणि हे शेवटचं; मनाशी म्हटलं, आता ही काहीतरी असं बोलेल की जन्मभर पुरेल. तिनं माझी कॉलर धरून मला आणखी खाली ओढलं.

"हं," ती म्हणाली. "मी घरी नाही म्हणून पिशवीला गाठ मारू नका."

मी "काय?" असं विचारलं नाही. म्हटलं, "ऐकलं."